कोरड्या गावचा नाविक

इंदूरहून नाशिकला मोटारीने जाणाऱ्याला मालेगाव मागे पडले की चांदवडचे डोंगर दिसू लागतात. आपल्याकडील जुन्या घरांतील माणसे तेथे बहुधा थांबतात. होळकरांचा रंगमहाल पाहावयाचा, रेणुकादेवीपुढे हात जोडावयाचे, चहा घ्यावयाचा आणि पुढे निघावयाचे, हा आपला प्रघात. अहिल्याबाईंच्या आठवणीमुळे चांदवड आपल्याला कधी परके वाटले नाही. पण याच चांदवड तालुक्यात तळेगाव रोही नावाचे एक खेडे आहे, आणि त्याचे नाव मात्र आपल्यापैकी फार थोड्यांनी ऐकले असेल. पाऊस बेताचा, जमीन खडकाळ, उन्हाळा आला की विहिरींचा तळ दिसतो आणि बायामाणसांचा दिवस पाण्याच्या पाठीमागे जातो. दुष्काळी मुलुखाचे जे चित्र आपण वर्तमानपत्रांतून पाहतो, तेच तेथेही.

या गावाने देशाला एक नाविक दिला. दत्तू बबन भोकनळ हे त्याचे नाव. २०१६ साली ब्राझीलमधील रिओ येथे ऑलिंपिक सामने भरले, तेव्हा नौकानयनात भारताकडून एकटा हाच उतरला होता. दोन वर्षांनी, २०१८ च्या आशियाई सामन्यांत चौघांच्या नौकेत बसून त्याने सुवर्णपदक आणले. ज्या गावात पोहण्याइतके पाणी सापडणे कठीण, तेथील मुलाने पाण्यावर नाव कमवावे, हा योगायोग मोठा चमत्कारिक खरा. परंतु आज मी लिहावयास बसलो आहे तो या चमत्कारासाठी नव्हे.

माझा व्यवसाय गाणे शिकविण्याचा. वडील दरबारी गवई होते, तेव्हा घरात सकाळ उजाडे ती तंबोऱ्यावर. आज माझ्याकडे जी मुले येतात ती गुणी आहेत, कष्टाळूही आहेत. पण स्पर्धा आटोपून आली की पहिले वाक्य एकच, “सर, नंबर आला नाही.” काय गाइले, कोठे सूर लागला, कोठे ताल निसटला, हे विचारावयास सवडच उरत नाही. नंबर नाही म्हणजे सगळेच फुकट गेले, असा त्यांचा चेहरा असतो. कधी कधी आईबापांचा चेहरा त्याहून उतरलेला असतो. अशा वेळी मला गवयांच्या गोष्टी सुचत नाहीत. गवयाच्या तोंडून गवयाची थोरवी मुलांना खरी वाटत नाही. मी त्यांना या तेराव्या आलेल्या नाविकाची गोष्ट सांगतो. तीच आज वाचकांपुढे ठेवीत आहे.

दत्तूचा जन्म १९९१ सालचा. वडील विहिरी खोदण्याचे काम करीत. हे काम ज्यांनी जवळून पाहिले असेल त्यांना ते काय असते ते ठाऊक आहे. मुरूम लागेपर्यंत कुदळ चालते, खडक लागला की पहार आणि सुरुंग. आणि इतके करून पाणी लागेलच याची हमी कोणी देत नाही. लागले तरी ते दुसऱ्याच्या मालकीचे. पोरगा हाताशी आला तसा तोही मजुरीला जुंपला गेला. शिकत असताना पडेल ते काम केले, पेट्रोल पंपावर रात्रपाळी केली. २०११ साली कर्करोगाने वडील गेले आणि घराचा भार थोरल्या मुलाच्या खांद्यावर आला. पुढच्याच वर्षी, २०१२ साली, तो सैन्यात भरती झाला. आमच्याकडच्या खेड्यांतून हजारो मुले ज्या कारणाने भरती होतात, त्याच कारणाने. महिन्याला नक्की पगार आणि घरी पाठविण्यापुरती मनिऑर्डर.

पुण्याजवळ खडकीला बॉम्बे इंजिनिअर ग्रुपचे ठाणे आहे. सॅपर म्हणतात ते हेच जवान. पूल बांधणे, रस्ते उघडणे, सुरुंग काढणे हे त्यांचे काम. नदीवर पूल घालणाऱ्या फौजेला होडी आणि वल्हे परके नसते, आणि म्हणून सैन्यातील नौकानयनाचे मोठे केंद्रही पुण्यातच, दापोडीच्या लष्करी अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या आवारात आहे. तेथे शर्यतीच्या मापाचा सरळ, लांब कालवा आहे. कुद्रत अली नावाच्या सुभेदार प्रशिक्षकांची नजर या उंच, रुंद हाडापेराच्या जवानावर पडली आणि त्यांनी त्याला नौकेत बसविले. दत्तूने पुढे मुलाखतींतून मोकळेपणाने सांगितले आहे की सुरुवातीला आपल्याला पाण्याची भीती वाटत असे. यात नवल ते काय! ज्याने पाणी पाहिले ते विहिरीच्या तळाशी, त्याला चहूकडे पसरलेले पाणी पाहून धडकी भरणारच.

शर्यतीची एकेरी नौका ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी थोडे सांगावयास हवे. भोपाळच्या मोठ्या तलावावर सराव चालतो, तेथे ती दिसते. लांबी सुमारे आठ मीटर, म्हणजे एखाद्या वाड्याच्या ओसरीएवढी. रुंदी मात्र हातभरदेखील नाही. वजन चौदा किलो, घरातले तांदळाचे पोते याहून जड असावे. नावाडी तीत बसतो तो उलटा, जावयाच्या दिशेकडे पाठ करून. दोन हातांत दोन वल्ही. पाय पुढे पट्ट्यांत अडकविलेले आणि बैठक चाकांवर सरकणारी. वल्ही हातांनी मारतात ही आपली समजूत चुकीची आहे. खरे बळ मांड्यांचे. गुडघे दुमडून नाविक पुढे सरकतो, वल्ह्यांची पाती पाण्यात रोवतो, पायांनी रेटतो, मग पाठ उघडते आणि अगदी शेवटी हात छातीशी येतात. यांतील एकही क्रिया अलीकडे-पलीकडे झाली की नौका अडखळते. जास्तच झाली तर उलटते. ती इतकी अरुंद की तिचा तोल वल्ह्यांवरच असतो.

शर्यत दोन हजार मीटरची. एकेरीला सात मिनिटांच्या आसपास लागतात आणि तेवढ्यात सव्वादोनशे ते अडीचशे वेळा ही सगळी क्रिया व्हावयाची. येथे माझ्यासारख्या तालाच्या माणसाचे कान टवकारले जातात. कारण नाविकाचे सारे रहस्य फटक्यात असते असे पाहणाऱ्याला वाटते. जाणते मात्र दोन फटक्यांमधल्या अवकाशाकडे पाहतात. पाती पाण्याबाहेर निघाल्यावर नाविक बैठकीवरून पुन्हा पुढे सरकतो, तो हळू सरकावा लागतो. घाई केली तर त्याच्याच अंगाचा भार नौकेला मागे ढकलतो. नौका आपल्या वेगाने खालून वाहत असते, तिला वाहू द्यावयाचे. आमच्याकडे विलंबित गाणाऱ्या नवख्याला दोन मात्रांमधली मोकळी जागा सोसत नाही, ती तो काहीतरी भरून टाकतो, आणि तेथेच लय जाते. ती जागा सोसण्याचे धैर्य येण्यास वर्षे लागतात. पाण्यावरही तोच न्याय दिसतो.

या विद्येत दत्तूची प्रगती झपाट्याची झाली. वल्हे हाती धरून तीन वर्षे होतात न होतात तो २०१५ साली बीजिंग येथे आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत त्याने एकेरीचे रौप्यपदक मिळविले. राष्ट्रीय संघ तेव्हा इस्माईल बेग यांच्या हाताखाली होता. आता पुढची पायरी ऑलिंपिकची. नौकानयनात ऑलिंपिकला कोणीही उठून जाऊ शकत नाही. पात्रता फेरी पार करावी लागते. आशिया आणि ओशनिया खंडांसाठी ती एप्रिल २०१६ मध्ये दक्षिण कोरियातील चुंगजू येथे होती.

त्याच्या थोडेच दिवस आधी, मार्च महिन्यात, त्याच्या आईला अपघात झाला. डोक्याला जबर मार लागला, ती बेशुद्धावस्थेत गेली, आणि पुढे शुद्ध आली तरी स्मृती परतली नाही. मुलापुढे दोन वाटा होत्या. आईच्या उशाशी बसावे, किंवा ज्या नोकरीने आणि ज्या खेळाने तिच्या औषधपाण्याची सोय होत होती तिकडे जावे. तो चुंगजूला गेला. तेथे दुसरा आला आणि ऑलिंपिकला पात्र ठरला. परत येऊन त्याने ही बातमी आईला सांगितली असेल. पण ती तिच्यापर्यंत पोचण्याजोगी स्थिती राहिली नव्हती. त्या वर्षी अनेक वर्तमानपत्रांनी ही हकिकत छापली आणि ती वाचून हळहळणारे पुष्कळ निघाले. मला मात्र एका गोष्टीचा विचार सुटत नाही. आपण काही मिळविले की पहिल्यांदा सांगावयाचे ते आईला. ते माणूस समोर बसलेले आहे आणि तरी सांगता येत नाही, अशा मनाने हा मुलगा रोज पहाटे पाण्यावर जात होता. पाण्याला मनाची अवस्था कळते. हात किंचित जड झाला तरी नौका एका अंगाला झुकते. त्याला दुःख किनाऱ्यावर ठेवूनच बसावे लागत असणार, आणि सराव संपला की ते पुन्हा उचलावे लागत असणार.

रिओमध्ये शर्यती झाल्या त्या शहराच्या मध्यावर, डोंगरांनी वेढलेल्या रोद्रिगो दि फ्रेतास या सरोवरावर. दृश्य सुंदर, पण पाणी दगाबाज. ६ ऑगस्टला पहिली फेरी झाली तेव्हा वारा एवढा होता की लाटा नौकांत शिरत होत्या. सर्बियाची एक जोडी तर उलटलीच. दुसऱ्या दिवशीच्या शर्यती वाऱ्यामुळे रद्द कराव्या लागल्या. अशा पाण्यात दत्तू आपल्या गटात तिसरा आला आणि उपांत्यपूर्व फेरीत पोचला. तेथे पहिल्या तिघांनाच पदकाच्या वाटेवर पुढे जाता येत होते. ६ मिनिटे ५९.८९ सेकंदांत अंतर तोडून तो चौथा आला. एका जागेने वाट बंद झाली.

पुष्कळांच्या दृष्टीने गोष्ट येथे संपली. परंतु नौकानयनाची एक रीत फार चांगली आहे. जे मागे पडले त्यांनाही शेवटपर्यंत वल्हवावे लागते. पदकांसाठी एक अंतिम शर्यत, सातव्यापासून बाराव्यापर्यंतच्या जागांसाठी दुसरी, तेराव्यापासून अठराव्यापर्यंत तिसरी, अशी प्रत्येकाची नेमकी जागा ठरविली जाते. हातातून पदक गेलेले आहे, गॅलऱ्यांत फारसे कोणी नाही, वर्तमानपत्रे दुसऱ्या दिवशी आपले नाव एका ओळीत आटोपणार आहेत, हे ठाऊक असूनही पुन्हा दोन हजार मीटर. त्या तिसऱ्या गटाच्या अंतिम शर्यतीत दत्तू पहिला आला. वेळ ६ मिनिटे ५४.९६ सेकंद. एकूण क्रमांक तेरावा.

त्याच ऑलिंपिकमध्ये सुवर्णपदक न्यूझीलंडच्या माहे ड्रायसडेलला मिळाले. त्याची आणि क्रोएशियाच्या दामिर मार्तिनची वेळ शतांशापर्यंत सारखीच, ६ मिनिटे ४१.३४ सेकंद; छायाचित्र पाहून निकाल द्यावा लागला. ड्रायसडेल तेव्हा सदतीस वर्षांचा, त्याआधीच्या ऑलिंपिकचाही विजेता. त्याच्या देशात नौकानयन शाळेपासून शिकवितात. चार वर्षांपूर्वी ज्याने वल्हे हाती धरले, त्या चांदवडकडील जवानाचे आणि या दोघांचे अंतर चौदा सेकंदांहूनही कमी होते. पाणी आणि वारा प्रत्येक शर्यतीला निराळे असतात, तेव्हा हा हिशेब काटेकोर मानू नये. तरी तो नजरेआड करण्यासारखाही नाही.

आता तेरावा म्हणजे काय, हेही पाहिले पाहिजे. भारताचे नाविक ऑलिंपिकला प्रथम उतरले ते २००० साली सिडनीत, कासम खान आणि इंदरपाल सिंग ही जोडी. पुढे एकेरीत बजरंगलाल ताखर २००८ साली एकविसावा आला, स्वर्ण सिंग २०१२ साली सोळावा. दत्तू तेरावा. पुढे टोकियोच्या सामन्यांत अर्जुनलाल जाट आणि अरविंद सिंग या जोडीने कमी वजनाच्या दुहेरी नौकेत अकरावे स्थान मिळविले. ही नावे एकाखाली एक लिहून पाहावीत. प्रत्येकाने आधीच्याच्या खांद्यावर पाय देऊन एकेक पायरी चढलेली दिसते. आमच्या विद्येत यालाच परंपरा म्हणतात. परंपरेत मधला माणूस महत्त्वाचा असतो. शेवटी ज्याच्या गळ्यात हार पडतो त्याचे नाव राहते, परंतु मधला एक जरी गळला तरी तो हार कोणाच्याच गळ्यात पडत नाही.

२०१८ चे आशियाई सामने इंडोनेशियात झाले. नौकानयन सुमात्रा बेटावरील पालेंबांग येथे होते. दत्तूकडून एकेरीत पदकाची अपेक्षा सर्वांनीच धरली होती. २३ ऑगस्टला अंतिम शर्यत झाली आणि तो सहावा, म्हणजे शेवटचा आला. प्रकृती बिघडली होती, अंगात त्राण नव्हते. त्या दिवशी इतर भारतीय नाविकांनाही एकही पदक मिळाले नाही. छावणीत काय अवकळा पसरली असेल ती सांगावयास नको.

दुसऱ्या दिवशी सकाळी चौघांच्या नौकेची शर्यत होती. स्वर्ण सिंग, ओमप्रकाश, सुखमीत सिंग आणि दत्तू. चौघेही सैन्यातले. या प्रकारात प्रत्येकाच्या हातांत दोन, अशी आठ वल्ही. ती एकाच क्षणी पाण्यात जावी लागतात आणि एकाच क्षणी निघावी लागतात. चौघांत एकाचे मन अजून कालच्या पराभवात असेल तर ते लगेच कळते, कारण नौकेचा तोल जातो. एकटा गाणारा आपली चूक आलापीत झाकू शकतो, सहगायनात ते चालत नाही. मला या दिवसाबद्दल सर्वांत अधिक आदर वाटतो तो याचसाठी. काल शेवटचा आलेला माणूस आज तीन जोडीदारांच्या लयीत आपली लय मिळवून बसला, आणि त्या तिघांनीही त्याच्यावर विश्वास ठेवला. ६ मिनिटे १७.१३ सेकंदांत भारताची नौका पहिली आली. यजमान इंडोनेशिया दुसरा, थायलंड तिसरा. आशियाई सामन्यांत नौकानयनाचे हे भारताचे दुसरेच सुवर्ण. पहिले बजरंगलाल ताखरने २०१० साली ग्वांगझूमध्ये मिळविले होते. स्वर्ण सिंग म्हणजे लंडन ऑलिंपिकला सोळावा आलेला तोच. सोळावा आणि तेरावा असे दोघे एका नौकेत बसले आणि पहिले आले, ही गोष्ट माझ्या विद्यार्थ्यांना मी मुद्दाम दोनदा सांगतो.

येथे लेख संपविला असता तर तो गोड झाला असता. पण कारकीर्द सांगावयाची तर ती पुरती सांगावी. २०१९ साली भारतीय नौकानयन महासंघाने दत्तूवर दोन वर्षांची बंदी घातली. पालेंबांगच्या एकेरी शर्यतीत त्याने मध्येच वल्हविणे थांबविले, असा ठपका होता. आपण आजारी होतो, असे त्याचे म्हणणे. जानेवारी २०२० मध्ये बंदी उठली आणि त्याच वर्षी त्याला अर्जुन पुरस्कार जाहीर झाला. मात्र नाविकाच्या आयुष्यात सरावाचे वर्ष एकदा गेले की ते परत मिळत नाही. टोकियोला गेलेल्यांत त्याचे नाव नव्हते. दोषादोषाचा निवाडा करण्याचा अधिकार माझ्यासारख्या दूर बसलेल्याला नाही. एवढे मात्र वाटते की ज्या शर्यतीत माणूस शेवटचा आला ती शर्यत आणि दुसऱ्या दिवशीचे सुवर्ण, ही दोन्ही त्याच्या पाटीवर शेजारी-शेजारी लिहिलेली राहावीत. एक पुसून दुसरे वाचू नये. चांगल्या गवयाचीही एखादी बैठक बसत नाही. ज्यांनी ती ऐकली त्यांनी पुढची बैठक ऐकल्याशिवाय घरी जाऊ नये, असे वडील म्हणत.

परवा माझ्या वर्गातील एका मुलीने ही गोष्ट ऐकून विचारले, “सर, तो पाठ करून बसतो, तर शेवट जवळ आला हे त्याला कळते कसे?” प्रश्न चांगला होता. मार्गावर खुणेच्या तरंगत्या गोळ्यांच्या रांगा असतात, शेवटच्या टप्प्यात त्यांचा रंग बदलतो, हे मी तिला सांगितले. पण त्याखेरीज त्याला दिसते ते फक्त आपण तोडलेले अंतर. आपल्या वल्ह्यांनी पाण्यावर उमटविलेली वर्तुळे, दोन्ही बाजूंना सारखी, एकामागे एक दूर जाणारी. त्या वर्तुळांमधील अंतर सारखे असले की नौका नीट चालली आहे असे समजावे. पुढे काय आहे ते मान वळवून पाहत बसलेला नाविक तोल घालवितो.

ती मुलगी थोडा वेळ गप्प बसली आणि मग तिने तंबोरा जुळवावयास घेतला. त्या दिवशी तिने नंबराविषयी काही विचारले नाही.

वाचकांपैकी कोणी यापुढे नाशिकच्या वाटेला लागले तर चांदवडला रंगमहाल जरूर पाहावा. तेथून निघताना तालुक्यातल्या कोरड्या शिवाराकडेही एकदा पाहावे. या शिवारात एक माणूस दुसऱ्यांसाठी पाणी शोधीत खडक फोडीत होता. त्याच्या मुलाला पाणी सापडले ते फार दूर, आणि तेथेही त्याने बापाचेच काम केले. खाली काय लागेल याची हमी नसताना घाव घालीत राहिला.